विकलेल्या कुलपाची किल्ली

बऱ्याच दिवसांनी लिहायला बसले आहे. विषय वाचून काहीजण हसतील. बाईंनी सत्तरीनंतर व्हिडिओ गेमवर लिहायचं म्हणजे जरा जास्तच, पण लिहिल्याशिवाय चैन पडेना.

2025 च्या जून महिन्यात नातू देवरुखला राहून गेला. तेरा वर्षांचा आहे. सिंगापूरला शाळेत जातो. पहिले चार दिवस उरलेसुरले आंबे आणि फणस संपवण्यात गेले. मग पाऊस असा लागला की अंगणात पाय ठेवायची सोय नाही. चिरंजीव माळ्यावर चढले आणि बापाचा जुना गेमचा डबा खाली घेऊन आले.

हा डबा माझ्या मुलाने 2008 साली बंगलोरला पहिल्या नोकरीत घेतला. दोन वर्षांनी बिघडला, तेव्हा सर्व्हिस सेंटरवाल्यांनी दुरुस्त करण्याऐवजी दुसराच हातात दिला. (कंपनीचं नाव लिहीत नाही. मला भांडायचं नाहीये.) 2014 ला मुलगा परदेशी गेला आणि डबा आमच्याकडे आला. आम्हाला वाटलं, अडगळ झाली. पण ह्यांना त्याची गोडी लागली! निवृत्त गणित शिक्षक, रोज दुपारी चहाच्या आधी अर्धा तास एक रंगीत गोळ्या फोडायचा खेळ खेळायचे. सुट्टीत नातू आला की दोघांची चढाओढ लागायची. खेळात पहिल्या नंबरावर 'आजोबा' असं इंग्रजी अक्षरांत झळकत असे. 2021 मध्ये हे गेले. त्यानंतर डब्याला कुणी हात लावला नव्हता.

नातवाला तो आकडा मोडायचा होता. एवढंच.

डबा सुरू झाला. पंधरा-सतरा वर्षांचं यंत्र, कोकणातला दमटपणा, तरी सुरू झालं याचं मला कौतुक वाटलं. सीडीवरचे खेळ मुकाट चालले. सीडी घातली की आतल्या डिस्कवर उतरवून घेता येतात, इंटरनेट लागत नाही. सीडी आत ठेवावी लागते, बस. पण गोळ्यांचा खेळ सीडीवर नव्हता. तो मुलाने पैसे भरून उतरवून घेतला होता. तो उघडला आणि म्हणाला, ही नमुन्याची प्रत आहे, पूर्ण खेळ हवा असेल तर विकत घ्या. विकत घेतलेलाच आहे हो! नातवाने शोधून काढलं ते असं: असा खेळ एकतर ज्या डब्यावर प्रथम घेतला त्या डब्यावर चालतो, नाहीतर घेणाऱ्याने इंटरनेटवरून हजेरी लावली तर दुसऱ्या डब्यावर. आमचा डबा बदललेला. म्हणजे कायम हजेरी. हे खेळायचे तेव्हा घरात लँडलाइनचं इंटरनेट होतं, म्हणून कधी कळलंच नाही. पुढे मी ते काढून टाकलं, मोबाइलवर भागतं माझं.

मग मोबाइलचा हॉटस्पॉट. पण डबा इतका जुना की त्याला वायफायच नाही, फक्त वायर. शेजारचा इंजिनीअरिंगला असलेला मुलगा लॅपटॉप घेऊन आला. मोबाइलवरून लॅपटॉप, लॅपटॉपवरून वायरने डबा असा द्राविडी प्राणायाम केला. तर डब्याने मुलाचा पासवर्ड मागितला. पासवर्ड विसरलेला. नवा हवा तर कोड येणार तो ईमेलवर, आणि तो ईमेल बंगलोरच्या नोकरीतला, कधीच बंद झालेला. खेळ डब्यात आहे, आकडा डब्यात आहे, डबा आमच्या घरात आहे, आणि आम्ही बाहेर उभे.

ह्यांच्या डायरीत तो आकडा मिळाला, 48,250. तारखेसकट. गणिताच्या माणसाने नोंद ठेवली नसती तरच नवल. पण नातू म्हणाला, "आजी, तिथे दिसायला हवा ना."

तर सांगायचा मुद्दा असा. आमच्या लहानपणी रेडिओला लायसन्स लागायचं. दरवर्षी पोस्टात जाऊन पैसे भरायचे, पुस्तिकेवर नोंद करून घ्यायची. वडील कधी विसरले तर दंडाची भीती असायची. पण पोस्टमास्तरांना पोस्टात बसून आमचा रेडिओ मुका करता येत नव्हता! आज येतो. फरक तेवढाच आहे, आणि तो फार मोठा आहे.

हे फक्त आमचंच रडगाणं असतं तर लिहिलं नसतं. 2013 साली मायक्रोसॉफ्टने एक्सबॉक्स वन जाहीर केला तेव्हा अट होती की चोवीस तासांत एकदा तरी इंटरनेटला जोडा, नाहीतर खेळ बंद. लोक इतके संतापले की महिन्याभरात, डबा बाजारात येण्याआधीच, अट मागे घ्यावी लागली. सोनीच्या प्लेस्टेशन 4 ची गोष्ट तर कुणालाही पटेल अशी. त्याच्या आत वेळ राखायला घड्याळासारखा एक छोटा सेल असतो. तो संपला आणि कंपनीच्या सर्व्हरशी बोलणं झालं नाही, तर सीडीवरचे खेळसुद्धा चालेनात. म्हणजे उद्या कंपनीने सर्व्हर बंद केला की एका सेलपायी घरोघरच्या सीड्या निकामी! 2021 मध्ये यावर खूप ओरड झाली आणि त्याच सप्टेंबरच्या अपडेटमध्ये सोनीने गाजावाजा न करता ही अडचण दूर केली. मला यातून एवढंच दिसतं की मनात आणलं तर कंपनीला जमतं.

दुकानं तर एकेक बंद होतच आहेत. निन्टेन्डोने वीचं दुकान जानेवारी 2019 मध्ये बंद केलं, 3डीएस आणि वी यूवरची विक्री मार्च 2023 मध्ये. एक्सबॉक्स 360 चं दुकान जुलै 2024 मध्ये. दुकान बंद करायला माझी ना नाही. सर्व्हरला वीज लागते, माणसं लागतात, तोटा सोसून कुणी का चालवावं? पण निघताना किल्ली ठेवून जा. शेवटचा एक अपडेट द्या, की ज्याने जे विकत घेतलं ते त्याच्या डब्यावर हजेरीशिवाय चालेल. प्रकाशक बुडाला म्हणून आमच्या शाळेच्या कपाटातली पुस्तकं कधी कोरी झाली नाहीत. कॅलिफोर्नियाने 2024 मध्ये कायदा केला की वस्तू देत नसून नुसता परवाना देत असाल तर 'विकत घ्या' असं बेधडक म्हणता येणार नाही, तसं स्पष्ट सांगा. बरं झालं, पण सांगून काढून घेतलं तरी काढून घेतलंच ना?

आता शेजारच्या मुलाचं. तो म्हणाला, "बाई, याचं कुलूप काढता येतं. इंटरनेट नको, पासवर्ड नको."

माझ्यातली मास्तरीण जागी झाली. वर्गात झेरॉक्सची गाइडं जप्त करणारी मी! (घरचंच सांगते, आमचे चिरंजीव कॉलेजात असताना लॅमिंग्टन रोडवरून पायरेटेड सीड्या आणायचे. तेव्हा मी दोन दिवस बोलले नव्हते.) म्हणून आधी कायदा वाचला. आपल्या कॉपीराइट कायद्यात 2012 साली 65-अ हे कलम आलं. असं तांत्रिक कुलूप हक्कभंग करण्याच्या उद्देशाने तोडलं तर दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड. 'उद्देशाने' हा शब्द मी तीनदा वाचला. आणि कलम 52 प्रमाणे रीतसर प्रत बाळगणाऱ्याला, ज्या कामासाठी प्रोग्राम दिला त्याच कामासाठी तो वापरता यावा म्हणून, प्रत करून ठेवता येते. अमेरिकेचा 1998 चा कायदा याहून कडक आहे, तिथे उद्देश काहीही असो, कुलूप तोडणं हाच बहुतेक वेळा कायदाभंग, आणि सवलती दर तीन वर्षांनी मागाव्या लागतात. मी वकील नाही. कुणी कायदेवाले नातेवाईक वाचत असतील तर माझी चूक जरूर दाखवा. पण माझं मत झालं आहे. न घेतलेला खेळ फुकट मिळवायला कुलूप तोडणं ही चोरी. पैसे भरलेला खेळ उघडायला ते काढणं म्हणजे किल्ली हरवल्यावर आपल्याच कपाटाचं कुलूप फोडणं. सुताराला बोलावतो तेव्हा आपण कुठे कपाटवाल्या कंपनीची परवानगी काढतो?

दोन दिवस विचार करून मी हो म्हटलं. अटी तीन. आधी आतल्या डिस्कची जशीच्या तशी प्रत काढायची. मुलाने पैसे भरलेले खेळ तेवढेच उघडायचे, यादी त्याच्याकडून लिहून घेतली आहे, सात आहेत. आठवा एकही घालायचा नाही. शेजारच्या मुलाचा चेहरा जरा उतरला. त्याच्या पेनड्राइव्हमध्ये चाळीसेक तयार होते म्हणे.

तोवर नातवाची सुट्टी संपली. मुलाची परीक्षा झाली की डबा उघडायचं ठरलं आहे. नातू डिसेंबरात येईल. जाताना टीव्हीच्या कोपऱ्याला कागद चिकटवून गेला आहे, त्यावर पेन्सिलीने 48,250. पुसताना तो ओला होऊ नये म्हणून मी टीव्हीची तेवढी बाजू पुसत नाही.