पाण्याखालच्या पोथ्या

दीपनगरास लेकीकडे आठ दिवस राहणें झालें. वीजकेंद्राच्या वसाहतींत रात्रीं उजेडाला तोटा नाहीं, तरी धाकट्या नातवाला गोष्ट हवी ती आजीच्या कुशींतच. या खेपेस ती त्यानेंच सांगितली. समुद्राच्या तळाशीं एक पुरातन ग्रंथालय आहे, तेथें साऱ्या जादूविद्येच्या पोथ्या आहेत आणि मासे त्यांची राखण करतात. "आजी, असें खरेंच असेल का ग?" मी 'नाहीं' म्हणणार होतें; पण पलीकडच्या खोलींतलें तांबडें बासन आठवलें आणि गप्प राहिलें.

सिद्धींच्या गोष्टींना खानदेशांत तोटा नाहीं. तापी-पूर्णेच्या संगमावर चांगदेवाचें मंदिर आहे. वाघावर बसून सर्पाचा चाबूक करणाऱ्या या योग्याला ज्ञानेश्वरांस पत्र लिहितांना मायना सुचेना, आणि त्यानें कोरा कागद धाडला. त्याचें उत्तर म्हणजे पासष्ट ओव्यांची चांगदेव-पासष्टी. मला तर वाघापेक्षां त्या कोऱ्या कागदाचेंच अधिक कौतुक वाटतें.

पाण्यांतील पोथ्या मात्र निव्वळ कल्पनेंतल्या नव्हेत. तुकोबांच्या वह्या इंद्रायणींतून तेराव्या दिवशीं कोरड्या निघाल्या, ही कथा आपण भक्तिभावानें ऐकतों. पण ज्या वर आल्या नाहींत, त्यांचें काय? जीर्ण पोथीला पाय लागूं नये म्हणून ती फुलें-अक्षता वाहून नदींत सोडावयाची, अशी आपल्या घरोघरची रीत. गोदा, कृष्णा, तापी यांच्या पोटांत अशीं किती दप्तरें गेलीं, याचा हिशेब कोण देणार? काजळाची आणि डिंकाची शाई पाण्यांत सुटते, कागदाचा लगदा होतो. मासे बिचारे राखणार काय! आणि नवल असें कीं, पुष्कळ पोथ्यांच्या अखेरीस लेखनिकानें पोथीच्याच तोंडीं विनवणी घातलेली असते: तेलापासून, पाण्यापासून आणि सैल बांधणीपासून मला राख, मूर्खाच्या हातीं देऊं नको.

माझ्या माहेरचें बासन असेंच गेलें. मी नऊ वर्षांची होतें. काठावर उभी राहून नमस्कारही केला. पंचांगांत खुणेला घातलेलें एक पान तेवढें उरलें. त्यावर बाळंतिणीच्या खोकल्याचें औषध आहे. सुंठ, अडुळसा, पिंपळी एवढें लागतें, आणि कसें द्यावयाचें तें पुढील पानावर.

इतिहासाचार्य राजवाडे यांनीं जुनीं दप्तरें धुंडाळीत गांवोगांव पायपीट केली. १९२६ च्या ३१ डिसेंबरास धुळ्यासच त्यांचा देह पडला आणि पुढल्याच वर्षीं तेथें त्यांच्या नांवाचें संशोधन मंडळ उभें राहिलें. रामदासी हस्तलिखितें शंकरराव देवांनीं जमविलीं, तीं त्याच गांवीं श्रीसमर्थ वाग्देवता मंदिरांत आहेत. दीपनगराहून धुळें कांहीं काशी नव्हे.

विहीणबाईंचें तें तांबडें बासन येत्या अधिकांत तापींत सोडावयाचें ठरलें होतें. मुलीच्या घरीं आपण बोलावें कसें? शेवटीं धीर करून माझें एकुलतें पान त्यांच्यापुढें ठेविलें. त्यांनीं तें वाचलें, उलटून पाहिलें. मग कांहीं न बोलतां उठून बासनाची गांठ सोडली. वरचीं दोन पानें वाळवीनें खाल्लेलीं होतीं. बाकीचीं धड होतीं. अगदीं शेवटचें पान त्यांनीं चष्मा पुसून दोनदां वाचलें, आणि म्हणाल्या, "अधिकांत तापीची ओटी भरूं. हें राहूं द्या."

नातू मात्र खट्टू झाला. त्यांत जादूचें एकही पान निघालें नाहीं.