कोणता राजा भोज?

मालगुंडला केशवसुतांचे जन्मघर पाहून उत्तरेकडे निघालेला पर्यटक जयगडावर पोहोचतो आणि तिथे त्याला जयबाची गोष्ट ऐकायला मिळते. तट काही केल्या उभा राहीना, तेव्हा जयबा नावाच्या तरुणाने आपला बळी देऊ केला म्हणून किल्ल्याला त्याचे नाव मिळाले, अशी ती गोष्ट. पुढे विजयदुर्गावर किंवा घाट चढून पन्हाळ्यावर गेले, की कानावर येते: हा किल्ला भोज राजाने बांधला. कोणत्या भोजाने, हे सहसा कुणी विचारत नाही. ऐकणाऱ्याच्या डोळ्यांपुढे ‘कुठे राजा भोज, कुठे गंगू तेली’ या म्हणीतला भोज उभा राहतो. कालिदासाला पदरी बाळगणारा, एकेका अक्षराला लाख मोजणारा.

तो भोज माळव्यातल्या धारचा, परमार घराण्यातला, अकराव्या शतकाच्या पूर्वार्धातला. त्याची विद्वत्ता खरी, पण त्याच्या सभेतला कालिदास खरा नाही. दोघांमध्ये काही शतके आहेत. ही सभा भरवली बल्लाळाच्या ‘भोजप्रबंधा’ने, तीही भोजानंतर सुमारे पाचशे वर्षांनी. गंगू तेली म्हणजे गांगेय आणि तैलप हे दोन राजे, अशी म्हणीची फोडही आपल्याकडे हौसेने केली जाते. कलचुरी गांगेय भोजाचा समकालीन होता. चालुक्य तैलप मात्र ९९७ च्या सुमारास वारला आणि भोज गादीवर आला तो त्यानंतर दहा-बारा वर्षांनी.

गंमत अशी, की धारच्या या भोजाचा कोकणाशी संबंध आला होता. कोकण जिंकल्याच्या उत्सवानिमित्त त्याने दिलेल्या दानांची नोंद १०२० सालच्या बांसवाडा आणि बेटमा येथील ताम्रपटांत आहे. पण तो आला आणि गेला. आपल्या किल्ल्यांशी ज्याचे नाव जोडले जाते तो भोज दीडशे वर्षांनंतरचा, कोल्हापूरच्या शिलाहार घराण्यातला दुसरा भोज. सुमारे ११७५ मध्ये तो गादीवर आला. पन्हाळ्यावर त्याचा दरबार होता. १२१२ च्या आसपास देवगिरीच्या सिंघण यादवाने त्याला हरवले आणि या शाखेचे राज्य संपले.

या भोजाचा सर्वांत बोलका पुरावा आपल्याच रत्नागिरी जिल्ह्यातला आहे. राजापूर तालुक्यातील कशेळी, कनकादित्याच्या देवळासाठी ओळखले जाणारे गाव. शके १११३ म्हणजे ११९१ सालच्या ताम्रपटाने भोजाने हे गाव दान दिले, बारा ब्राह्मणांच्या नित्य भोजनाची सोय व्हावी म्हणून. त्यात ना चमत्कार, ना लाखाची अक्षरे. एक गाव, एक पंगत आणि तिचा खर्च. १२०५ मध्ये याच राजाच्या अमदानीत आजऱ्याच्या जैन मंदिरात सोमदेवाने ‘शब्दार्णवचंद्रिका’ हा व्याकरणग्रंथ पुरा केला. धारच्या भोजाच्या नावावरही व्याकरण आहे. शाळेच्या पुस्तकात मात्र एकच भोज शिरला.

किल्ल्यांचे काय? परंपरा या राजाला पंधरा किल्ल्यांचे श्रेय देते: पन्हाळा, विशाळगड, सातारा, वासोटा, भुदरगड अशी ती मोठी यादी आहे. तिच्यात पावनगडही आहे, आणि तो तर शिवकाळातला! यादीतले एक नाव असे निसटले म्हणून बाकीची चौदा खोटी ठरत नाहीत. पण ‘सांगतात’ आणि ‘आहे’ यांतला फरक सोडता येत नाही. आज दिसणारे तट, बुरूज, दरवाजे पुढच्या राजवटींनी पुन्हा पुन्हा बांधलेले आहेत.

मग कथा टाकून द्यायच्या? आम्हाला तसे वाटत नाही. पन्हाळ्याच्या तटासाठीही बळीची कथा सांगितली जाते आणि तिच्यात गंगू तेलीच येतो. जयगडचा जयबा त्याचाच भाऊबंद. दान देणाऱ्याचे नाव तांब्यावर कोरले गेले. दगड वाहणाऱ्याला कोण ताम्रपट देणार? तट उभारताना काही जीव गेले असतील, ही जाणीव जर कुठे टिकली असेल तर अशा कथांतच. मात्र त्यांना सनावळी चिकटवली, की कथाही बिघडते आणि इतिहासही.

इतिहास लांबचा असला म्हणजेच धूसर होतो असेही नाही. मालगुंडच्या केशवसुतांची जन्मतारीख ७ ऑक्टोबर १८६६ अशी रूढ आहे. काही अभ्यासक १५ मार्च धरतात. छापखान्याच्या काळातल्या कवीची ही कथा, तर आठशे वर्षांपूर्वीच्या राजाबद्दल घाईने ठाम बोलणे शोभत नाही.

जुलै २०२५ मध्ये युनेस्कोने जागतिक वारशात घेतलेल्या बारा किल्ल्यांत पन्हाळा आणि विजयदुर्ग दोन्ही आहेत. आता तिथे नवे फलक लागतील आणि जगभरचे लोक ते वाचतील. त्या फलकांवर ‘राजा भोज’ एवढेच न लिहिता ‘शिलाहार दुसरा भोज, परंपरेनुसार’ असे लिहावे. आणि कनकादित्याच्या दर्शनाला जाणाऱ्यांना ११९१ च्या त्या दानाची माहिती देणारा एक फलक कशेळीतही लावावा.