वेणीचा पहारा

२०१७ च्या उन्हाळ्यात राजस्थानातून उठलेली वेणी कापणाऱ्याची अफवा हरियाणा, दिल्ली, उत्तर प्रदेश करत सप्टेंबरात काश्मीर खोऱ्यात पोचली. मी तेव्हा तिथेच होतो. व्हॉट्सॲपवर रोज नवा व्हिडिओ. पोलिसांनी लावलेलं बक्षीस ३ लाखांवरून ६ लाखांवर गेलं. संशय आम्हा वर्दीवाल्यांवरही होताच. गावोगावी पोरं रात्रभर काठ्या घेऊन पहारा देत; बायकांच्या रक्षणासाठी म्हणे!

अनंतनागमध्ये संशयावरून मारलेली वीट लागून सत्तरीचा एक म्हातारा गेला. त्याआधी ऑगस्टमध्ये आग्र्याजवळ पहाटे शौचाला शेतात गेलेली एक वृद्ध दलित बाई वाट चुकली. तिला लोकांनी चेटकीण ठरवून ठार मारलं. तीही बाईच होती.

जिची वेणी गेली, तिला मात्र नीट कुणी विचारलंच नाही. कुणी म्हणे भूत, कुणी म्हणे हिस्टेरिया. आम्हीही त्यातलेच. आमच्या बैठकीत नकाशे होते, जमावाचे आकडे होते, एकाही बाईचं म्हणणं नव्हतं.

आमच्या पोस्टखालच्या गावातली एक मुलगी त्या दिवसांत कॉलेजला जायची थांबली. अफवा पुढे विरली. ती पुन्हा जाऊ लागली का, हे मी कधी विचारलं नाही.