टोह घेणारे आणि गप्प बसणारे

डॉ. श्रीनिवास रामचंद्र सिरस हे नाव आपल्यापैकी किती जणांना आठवते? नागपूरहून गेलेल्या या माणसाने अलीगढ मुस्लिम विद्यापीठात वीसेक वर्षे मराठी शिकवली. आपण मराठी मुसलमान आपल्या मराठीपणाचे दाखले देता देता थकतो. आणि तिकडे उर्दूच्या गावात मराठी शिकवत बसलेला हा कवी मात्र आपला कोणीच लागला नाही.

८ फेब्रुवारी २०१० च्या रात्री कॅमेरा घेऊन माणसे त्यांच्या घरात घुसली. एका पुरुषासोबतचे त्यांचे खासगी क्षण टिपले गेले. दुसऱ्या दिवशी निलंबन झाले ते सिरसांचे! दिल्ली उच्च न्यायालयाने जुलै २००९ मध्येच सज्ञानांचे संमतीचे संबंध गुन्ह्यातून वगळले होते. मग गुन्हेगार कोण? घरात असलेला, की घरात घुसलेला?

संस्कृती वाचवल्याचा आव आणणाऱ्यांना आम्ही विचारतो, कोणती संस्कृती? सूरह अल्-हुजुरात दुसऱ्याची टोह घेण्यास मनाई करते. सूरह अन्-नूर परवानगी आणि सलामाशिवाय परक्या घरात पाऊल टाकू देत नाही. समलैंगिकतेविषयी उलेमा काय म्हणतात, हे आम्हाला ठाऊक आहे. पण ते मत शिरोधार्य मानणाऱ्यालाही कोणाच्या शेजघरात कॅमेरा नेण्याची मुभा मिळत नाही.

नुसते नाव ऐकून घर नाकारले जाणे म्हणजे काय, हे आपल्याला कोणी शिकवायला नको. आपल्याकडे संशयाने पाहिले की आपण इन्साफ मागतो, आणि तो मागायलाच हवा. मग सिरसांच्या वेळी आपली जीभ का लुळी पडली? इन्साफ काय फक्त आपल्यापुरताच असतो?

सिरस गप्प बसले नाहीत, कोर्टात गेले. १ एप्रिल २०१० रोजी अलाहाबाद उच्च न्यायालयाने निलंबनाला स्थगिती दिली. ७ एप्रिलला भाड्याच्या घरात ते मृतावस्थेत सापडले. पुढे त्यांच्यावर हिंदीत सिनेमा आला. २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कलम ३७७ च्या कचाट्यातून अशा संबंधांना सोडवले. आम्ही मराठी लिहिणारे मात्र, हिंदू काय नि मुसलमान काय, ‘पायाखालची हिरवळ’ लिहिणाऱ्या या कवीला विसरून गेलो.

आमची मागणी साधी आहे. आपल्या पुढच्या संमेलनात सिरसांच्या कविता वाचल्या जाव्यात. ज्यांना ते ऐकवणार नाही, त्यांनी खुशाल उठून जावे. पण दुसऱ्याच्या दाराला कान लावणाऱ्यांना यापुढे आपण धर्माचे रखवालदार म्हणू नये.