तारीख कोणाला परवडते?

सासरच्या छळाची फिर्याद नोंदवली की निम्मी लढाई झाली, असे आपल्या घरांत मानतात. खरे तर तारखांची लढाई तिथूनच सुरू होते. एका तारखेला नवरा गैरहजर, दुसऱ्या तारखेला समन्स बजावलेले नाही, तिसऱ्या तारखेला सासूचा हजेरी माफीचा अर्ज, चौथ्या तारखेला न्यायाधीशांची बदली. १९८३ साली दंड संहितेत आलेल्या कलम ४९८अ ची जागा १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेच्या कलम ८५ व ८६ ने घेतली. शिक्षा तीच राहिली, तीन वर्षांपर्यंत कैद आणि दंड. निकालाला मात्र अनेकदा त्याहून जास्त वर्षे लागतात.

हा उशीर सर्वांना सारखा पडत नाही. पगारदाराला एक तारीख म्हणजे एक रजा. शेतमजुरी किंवा धुणीभांडी करणाऱ्या बाईला ती बुडालेला रोज, गाडीभाडे आणि शेजारी ठेवलेले लेकरू अशी तिहेरी महाग पडते. मग माहेरचेच म्हणू लागतात, "मिटवून टाक." समजून केलेल्या तडजोडीला हरकत नाही, थकवून घेतलेली सही म्हणजे संमती नव्हे. थांबण्याची ऐपत जमीन, पगार आणि ओळखीचा वकील यांतून येते, आणि या गोष्टी पिढ्यानपिढ्या कोणत्या जातींकडे साचल्या, हे सांगायला नको. म्हणून जलद निकाल हा समतेचा प्रश्न आहे.

तो हक्कही आहे. बिहारच्या तुरुंगांत खितपत पडलेल्या कच्च्या कैद्यांच्या हुसैनारा खातून प्रकरणात, १९७९ साली, सर्वोच्च न्यायालयाने जलद खटला हा संविधानाच्या कलम २१ चा भाग मानला. 'खोट्या केसेस' म्हणून ओरडणाऱ्यांनीही हीच मागणी करायला हवी. विनाकारण गोवलेल्या नणंदेलाही लवकर निकालच सोडवतो.

मागायचे कसे? फौजदारी खटला सरकार चालवते. फिर्यादी त्यात साक्षीदार असते. तिची बाजू मांडणारा सरकारी वकील असतो, हेच अनेकींना कोणी सांगत नाही. आधी रोजनाम्याची नक्कल काढावी. किती तहकुब्या झाल्या, कोणी मागितल्या, कारण काय, हे तारीखवार लिहून सरकारी वकिलामार्फत लवकर सुनावणीचा अर्ज द्यावा. साक्षीदार हजर असताना खटला रोजच्या रोज चालावा आणि तहकुबीची कारणे नोंदवावीत, असे नागरिक सुरक्षा संहितेचे कलम ३४६ सांगते. स्त्रियांना आणि अनुसूचित जाती-जमातींना, उत्पन्न कितीही असो, विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो.

उच्च न्यायालयातून 'अमुक महिन्यांत निकाल द्या' असा आदेश आणू, असे सांगून फी घेणाऱ्यांपासून सावध राहा. असे मुदतीचे आदेश अपवादात्मक परिस्थितीतच द्यावेत, असे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने फेब्रुवारी २०२४ मध्ये सांगितले आहे. पोटगी, निवारा, संरक्षण तातडीने हवे असेल तर २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्याखाली वेगळा अर्ज करता येतो. तो पहिल्या सुनावणीपासून ६० दिवसांत निकाली काढण्याचा प्रयत्न न्यायालयाने करावा, असे कायदाच म्हणतो. आंतरजातीय विवाहात दलित किंवा आदिवासी सुनेला सवर्ण सासरी जातीवरून छळले असेल, तर तेही फिर्यादीत स्पष्ट यावे. अत्याचार प्रतिबंधक कायद्यात विशेष न्यायालय आहे, शक्यतो दोन महिन्यांत निकालाची अपेक्षा आहे आणि पीडितेला प्रवासखर्चाचा हक्कही आहे.

कायद्यातल्या मुदती न्यायाधीशांच्या आणि सरकारी वकिलांच्या रिकाम्या खुर्च्यांसमोर कोरड्या ठरतात. त्या भरा, ही मागणी सरकारकडे लावून धरावीच लागेल. तोवर एक काम आपल्या हातात आहे. घरातल्या पहिल्या पदवीधराला रोजनामा वाचता येतो, अर्ज लिहिता येतो. बहीण, मावशी, शेजारीण पुढच्या तारखेला निघेल तेव्हा तिला एकटीला जाऊ देऊ नका.