चित्र आहे, आवाज नाही

सांगलीच्या हळद बाजारातील एका जुन्या पेढीच्या वरच्या मजल्यावर संध्याकाळचे जेवण दिवसाउजेडी आटोपते. त्यानंतर 79 वर्षांचे अण्णा आपल्या ठरलेल्या खुर्चीत येऊन बसतात आणि घरातील मंडळी टीव्हीसमोर जमतात. अण्णांना गेल्या काही वर्षांपासून कमी ऐकू येते. आजचे टीव्ही पातळ झाले, त्यांच्या पोटात चांगल्या ध्वनिक्षेपकाला जागा उरली नाही. आवाज मागून किंवा खालून निघतो, भिंतीवर आदळतो आणि संवादातील शब्द वाटेतच विरतात. म्हणून मागील दिवाळीला नातवाने एक साउंडबार आणून टीव्हीखाली मांडला आणि ऑप्टिकल केबलने टीव्हीला जोडला. त्या दिवसापासून अण्णा विनोदावर इतरांच्या बरोबरीने हसू लागले. पूर्वी ते इतरांचे हसणे पाहून मग हसत, हे घरातील कोणाच्या तोवर लक्षात आले नव्हते.

एका बुधवारी संध्याकाळी चित्रपट सुरू झाला, पात्रांचे ओठ हलू लागले आणि आवाज मात्र आला नाही. त्याच दुपारी सूनबाईंनी टीव्हीखालचे कपाट पुसून काढले होते. कोणी काही बोलले नाही. परंतु सर्वांच्या नजरा एकदा कपाटाकडे आणि एकदा त्यांच्याकडे वळल्या. मुलाने केबल हलवून पाहिली, साउंडबारवर दोन चापट्या मारल्या, आवाजाचे बटण शेवटच्या आकड्यापर्यंत दाबले. दुकानदाराला दूरध्वनी केला, तेव्हा उत्तर मिळाले : ‘बोर्ड गेला असेल. दुरुस्तीपेक्षा नवाच घ्या, 14 हजारांत चांगला येईल.’ अण्णा म्हणाले, ‘राहू द्या. मला काय करायचे आहे?’ त्यानंतरचे तीन दिवस ते लवकर निजायला गेले.

जुन्या काळची तार बिघडली की ती बोलत असे. सांधा सैल झाला तर खरखर, जमिनीची जोडणी चुकली तर सतत गुणगुण, एक बाजू तुटली तर एकाच कर्ण्यातून आवाज. कान देणाऱ्याला रोगाचे नाव कळे. डिजिटल तारेतून आवाज जात नाही, आवाजाचे आकडे जातात. आकडे पोहोचले आणि वाचता आले तर आवाज पूर्ण येतो. वाचता आले नाहीत तर पलीकडचे यंत्र गप्प बसते. केबल अर्धवट निकामी झाली असेल तर आवाज मधूनमधून तुटतो, एवढीच काय ती खूण. एरवी बिघाड 14 हजारांचा असो की बटणाच्या एका दाबाचा, शांतता सारखीच असते. म्हणूनच हलवणे, थोपटणे आणि आवाज वाढवणे हे जुने तिन्ही उपाय येथे व्यर्थ ठरतात. त्यातला तिसरा तर घातकही आहे. कारण आकडे अचानक वाचता आले की आवाज पूर्ण वेगाने खोलीत कोसळतो.

ही व्यवस्था जन्मली ती कॉम्पॅक्ट डिस्कच्या काळात. 1982 साली सोनी आणि फिलिप्स या दोन कंपन्यांची ती तबकडी बाजारात आली. तबकडीवरील आकडे जसेच्या तसे दुसऱ्या यंत्राकडे नेण्यासाठी याच दोन कंपन्यांच्या नावांनी ओळखली जाणारी जोडणी रूढ झाली. 1983 साली तोशिबा कंपनीने तेच आकडे प्रकाशाच्या उघडझापीने नेणारी प्लास्टिक तंतूची केबल आणली. अण्णांच्या घरी आहे ती हीच. तिच्यातून वीज वाहत नाही, त्यामुळे विजेची गुणगुण तिला बाधत नाही.

मात्र ही वाट दोन वाहिन्यांसाठी, म्हणजे डाव्या व उजव्या आवाजासाठी आखली गेली. हिशेब सोपा आहे. टीव्हीचा आवाज सेकंदाला 48,000 वेळा मोजला जातो, प्रत्येक मोजणी 16 अंकस्थानांची, वाहिन्या दोन. गुणाकार केला तर सेकंदाला 15,36,000 अंक होतात. या सरळ, न बांधलेल्या मांडणीला पीसीएम म्हणतात. पुढे चित्रपटांचा आवाज सहा वाहिन्यांचा झाला. तो सरळ पाठवायचा तर तिप्पट जागा हवी, आणि वाट तर तेवढीच. तेव्हा तो दाबून, गाठोडे बांधून पाठवण्याची रीत आली. डॉल्बी डिजिटल हे अशाच एका गाठोड्याचे नाव. गाठोडे सोडवण्याची कला पलीकडच्या यंत्राला येत असेल तर उत्तम. स्वस्तातल्या अनेक साउंडबारांना ती येत नाही.

आणखी एक गोष्ट अशी, की ऑप्टिकल केबल एकमार्गी आहे. ती परतीचा पत्ता नसलेले पोस्टकार्ड होय. ‘तुमचे अक्षर मला लागत नाही’ असे साउंडबार टीव्हीला कळवूच शकत नाही. टीव्ही आपला पाठवत राहतो, आणि त्याच्या मते सारे सुरळीत चाललेले असते.

रविवारी नातू पुण्याहून घरी आला. तो वाणिज्य शाखेचा विद्यार्थी. विजेच्या कामाचे शिक्षण त्याला नाही. परंतु तेरीज जुळत नसेल तर सगळी खतावणी फाडून टाकायची नसते, नोंदीमागून नोंद तपासत जायचे असते, हे त्याने पेढीवर लहानपणापासून पाहिले होते. येथे खाती तीनच : पाठवणारा टीव्ही, मधली केबल आणि घेणारा साउंडबार.

त्याने प्रथम साउंडबारचा आवाज अगदी खाली आणला. मग साउंडबार ब्लूटूथवर घेऊन मोबाइलमधील एक गाणे लावले. ते स्वच्छ वाजले. म्हणजे कर्णे व त्यांना बळ देणारा भाग शाबूत होता, आणि ‘बोर्ड गेला’ हे निदान बरेचसे तेथेच गळून पडले. पूर्णपणे मात्र नव्हे. ऑप्टिकल केबल ज्या खोबणीत बसते तो भाग स्वतंत्र असतो, त्याचा निवाडा ब्लूटूथवरून होत नाही. घाईत ही पायरी बहुतेक जण विसरतात.

त्यानंतर साउंडबार कोणते तोंड ऐकत आहे ते पाहिले. एकाच साउंडबारला ब्लूटूथ, ऑप्टिकल, एचडीएमआय अशी अनेक तोंडे असतात आणि रिमोटवरील एका बटणाने तो एकावरून दुसऱ्यावर जातो. धूळ पुसताना ते बटण दाबले गेले असणार, असा घरातील सर्वांचा तर्क होता. पण साउंडबार परत ऑप्टिकलवर आणला तरी शांतता कायमच राहिली.

मग केबल. साउंडबारकडचे टोक काढून त्याने तळहातासमोर धरले. तळहातावर लालसर प्रकाशाचा ठिपका पडला. टीव्ही काहीतरी पाठवत होता आणि ते या टोकापर्यंत पोहोचत होते. प्रकाश नसता तर केबल दुसऱ्या टोकाला तपासावी लागली असती. नव्या केबलच्या दोन्ही टोकांवर पारदर्शक टोप्या असतात आणि त्या न काढताच केबल खोचण्याचा प्रकार पुष्कळ घरांत घडतो. केबल कपाटामागे काटकोनात मुडपलेली नसावी; आतला तंतू वायरीसारखा सोशीक नाही. टोक बसताना ‘टक’ असा आवाज यावा. हे सर्व ठीक होते. तिन्ही खाती बरोबर आणि तेरीज तरी चुकलेली.

तेव्हा आतून सूनबाई म्हणाल्या, ‘सकाळी बाजारभावाच्या बातम्या लागतात ना, तेव्हा आवाज असतो की रे.’

‘आई, कधीपासून?’

‘रोजच असतो. गुरुवारी होता, काल होता. रात्रीच्या चित्रपटालाच नसतो.’

तीन दिवस त्यांना कोणी काही विचारलेच नव्हते. सकाळी पुरुष मंडळी खाली पेढीवर असतात आणि अण्णा अंगणात. टीव्हीचा आवाज त्या वेळी फक्त स्वयंपाकघरापर्यंत जातो. ज्या व्यक्तीवर संशय होता, नेमकी तीच एकमेव साक्षीदार निघाली.

या एका वाक्यात सगळा उलगडा होता. बातम्यांना आवाज आहे, म्हणजे केबल, खोबणी आणि तोंड ही तिन्ही निर्दोष. फरक मजकुरात आहे. बातम्यांचा आवाज दोन वाहिन्यांचा, तो पीसीएम मांडणीत सरळ जातो. रात्री ॲपवर लागणारे चित्रपट सहा वाहिन्यांचे, ते गाठोडे होऊन जातात. नातवाने टीव्हीच्या सेटिंगमध्ये जाऊन आवाजाचा भाग उघडला. तेथे डिजिटल आवाजाच्या नावाने एक ओळ होती आणि तिच्यासमोर ‘ऑटो’ असे लिहिले होते. म्हणजे ज्या रूपात येईल त्या रूपात पुढे पाठवा. त्याने ते बदलून ‘पीसीएम’ केले. आता गाठोडे टीव्ही स्वतःच सोडवणार आणि साउंडबारला समजेल अशा दोन वाहिन्यांत पाठवणार. चित्रपट लावला. पात्रे बोलू लागली.

सहाच्या दोन वाहिन्या झाल्याने नुकसान झाले काय? ज्या साउंडबारला दोनच कर्णे आहेत त्याचे काहीच नाही. खोलीभर सहा कर्णे मांडलेले असतील तर मात्र ‘पीसीएम’ केल्याने मागच्या कर्ण्यांचा वेगळा आवाज हरवतो. अशा घरी यंत्राला डॉल्बी डिजिटल समजते की नाही हे त्याच्या माहितीपुस्तिकेत पाहून मगच निर्णय करावा. सेटिंग बदलले कोणी, हे निश्चित कळले नाही. त्या आठवड्यात टीव्हीने रात्रीतून नवे सॉफ्टवेअर घेतले होते, आणि अशा वेळी काही सेटिंग मूळपदावर जाऊ शकतात. कपाट पुसण्याचा त्याच्याशी काही संबंध नव्हता. हे नातवाने मुद्दाम सर्वांसमोर सांगितले.

ज्या घरांत साउंडबार एचडीएमआय केबलने जोडलेला असतो तेथील गोष्ट थोडी निराळी. ही जोडणी 2002 साली आली आणि ती दुमार्गी आहे. साउंडबार आपल्याला काय समजते ते टीव्हीला कळवतो. त्यामुळे रूपांचा घोळ कमी होतो, पण बोलणी फिसकटण्याचा नवाच घोळ निर्माण होतो. टीव्हीकडून आवाज परत साउंडबारकडे नेण्याची सोय एआरसी या नावाने 2009 साली आली. ती टीव्हीच्या सगळ्या खोबणींना नसते. ज्या खोबणीशेजारी ‘एआरसी’ किंवा ‘ईएआरसी’ ही अक्षरे छापलेली आहेत तेथेच केबल हवी. शेजारच्या खोबणीत ती तितकीच घट्ट बसते आणि एक शब्दही ऐकू येत नाही. बहुतेक संचांत दोन यंत्रांनी एकमेकांना आज्ञा देण्याची सोयही चालू असावी लागते. तिला सॅमसंग ‘एनीनेट प्लस’ म्हणते, एलजी ‘सिंपलिंक’ आणि सोनी ‘ब्राव्हिया सिंक’. एकाच वस्तूला तीन नावे देऊन ग्राहकाचे कोणते भले साधले, हे त्या कंपन्यांनाच ठाऊक. सारे योग्य असूनही आवाज नसेल तर दोन्ही यंत्रे रिमोटने नव्हे, भिंतीवरील बटणाने बंद करावीत, दोन-तीन मिनिटे थांबावे आणि पुन्हा चालू करावीत. यंत्रांची ओळखपाळख सुरुवातीलाच होते. फिसकटलेली ओळख नव्याने करून देणे एवढाच याचा अर्थ.

पेढीवरील संगणकाचा प्रकार याहून साधा आहे. नवा मॉनिटर एचडीएमआयने जोडला की संगणक पुष्कळदा आवाजही मॉनिटरकडेच पाठवू लागतो, आणि मॉनिटरला कर्णाच नसतो. परगावच्या व्यापाऱ्याशी व्हिडिओवर बोलताना त्याचे ओठ हलतात, भाव ऐकू येत नाही. पडद्याच्या कोपऱ्यातील कर्ण्याच्या चिन्हावर जाऊन आवाज कोणत्या यंत्राकडे जावा ते निवडले की काम होते.

ज्यांच्या जुन्या यंत्राला ऑप्टिकलऐवजी नारिंगी रंगाचे गोल डिजिटल तोंड आहे त्यांनी त्यासाठी वेगळी केबल विकत घेण्यापूर्वी घरातील जुना पसारा पाहावा. जुन्या डीव्हीडी प्लेअरसोबत येणारी पिवळ्या टोकाची चित्राची तार त्या कामाला चालते. मात्र नारिंगी तोंडातली तार पलीकडे लाल किंवा पांढऱ्या तोंडात खोचू नये. ती तोंडे आकड्यांची नव्हेत, तेथे आकडे गेले तर एक तर शांतता मिळते किंवा कान किटवणारा खरखराट.

त्या रविवारी चित्रपट अर्ध्यावर आला तेव्हा अण्णांनी नातवाकडून कागद मागितला. टीव्हीत कोणत्या ओळीसमोर काय असावे ते त्याच्याकडून दोनदा विचारून घेतले, आपल्या ठसठशीत हिशेबी अक्षरात लिहिले, खाली तारीख घातली आणि कागद सूनबाईंच्या हाती देऊन म्हणाले, ‘हा कपाटाच्या आतल्या बाजूला चिकटवा. पुन्हा कोणी काही म्हणाले तर आधी हा दाखवा.’