गाभोळीच्या चिवणीला आठ दिवस द्या

मृगाच्या पहिल्या दमदार पावसाबरोबर ठाणे खाडीच्या काठच्या गावांत एकच आरोळी उठते: चिवणी चढली! पाग निघतात, उघाडीच्या तोंडाला बोक्शी लागते आणि संध्याकाळी घरोघर गाभोळीभरल्या चिवणीचं कालवण रटरटतं. चवीबद्दल तक्रार कोणाचीच नाही. तक्रार वेळेबद्दल आहे.

नाहूर म्हटलं की आज लोकांना २००६ साली झालेलं रेल्वे स्टेशन आणि टॉवर आठवतात. पण पूर्वेला मिठागरांच्या जागा, तिवरं आणि खाडीचा चिखल अजून आहे. चिवणीचं घर तेच. शास्त्रज्ञ हिला मिस्टस गुलिओ म्हणतात. हॅमिल्टन साहेबाने १८२२ साली गंगेच्या मुखाकडच्या माशांत तिची नोंद केली. बंगालात तिला नोना टेंगरा म्हणतात आणि तिथे ती तळ्यात पाळतात. अंगावर खवलं नाहीत, तोंडाशी मिशांच्या चार जोड्या. गढूळ पाण्यात डोळ्यांचं काम या मिशा करतात. पाठीवर आणि कल्ल्यांमागे काटे. काटा लागला की हात ठणकतो; सोसवेल इतक्या गरम पाण्यात हात धरावा, असं जुने लोक सांगतात आणि ते बरोबरच आहे.

चिवणीला गोडं पाणी चालतं, खारंही चालतं. किडे, कोळंबीची पिल्लं, कुजका पाला, मिळेल ते ती खाते. पण अंडी घालायला तिला पावसाळाच लागतो. डोंगरावरून नाल्यांचं पाणी उतरलं, खाडीचा खारेपणा उतरला, की भरल्या पोटाच्या माद्या उथळ पाण्याकडे चढतात. अंडी चिकट असतात, तळाच्या काडीकचऱ्याला, गवताला धरतात आणि साधारण एका दिवसात फुटतात. आपला समुद्रातला शिंगाळा वेगळा. त्याचा नर अंडी तोंडात धरून फिरतो, उपाशी राहतो. चिवणी अंडी टाकून मोकळी होते. म्हणूनच ती वाचवणं सोपं आहे: त्या थोड्या दिवसांत मादी उघाडीतून आत जाऊ द्यायची, एवढंच.

आणि नेमकं तेव्हाच आपण बोक्शी लावतो. १ जून ते ३१ जुलै ही मासेमारी बंदी समुद्रातल्या यांत्रिक बोटींसाठी. उघाडीवरच्या बोक्शीला विचारणारं कोणी नाही. आम्ही सरकारी बंदी मागत नाही. दोन वाटे विकून मुलांच्या वह्या घेणाऱ्या बाईला दंड लावून काय मिळणार? पण पहिल्या पावसानंतर आठ दिवस उघाडीचं तोंड मोकळं ठेवायचं, असा ठराव ग्रामसभेत करता येतो. खारभूमीची उघाडी कोणाच्या ताब्यात आहे हे तलाठी, ग्रामसेवकांना ठाऊक असतं. पाग टाकणाऱ्याने उघाडीपासून दूर टाकावा. नाल्यात औषध ओतून मासे मारणाऱ्यांना मात्र गावाने सरळ अडवावं. त्यात पिल्लं तर जातातच, खाजणातलं भातही बिघडतं.

नाहूरकडे ठराव करायला ग्रामपंचायत राहिली नाही. तिथला प्रश्न जागेचा आणि सांडपाण्याचा आहे. मोठी चिवणी घाण पाणी बरंच सोसते, पण तळाला चिकटलेली अंडी काळ्या गाळाखाली दबली तर संपली. २०१५ साली खाडीचा काही भाग फ्लेमिंगो अभयारण्य झाला, २०२२ साली रामसर यादीत गेला. परदेशी पाहुण्यांची सोय झाली, आनंद आहे. पण २०२४ साली राज्य मंत्रिमंडळाने कांजूर, भांडुप, मुलुंडच्या मिठागरांची सुमारे २५६ एकर जमीन धारावी पुनर्वसनाच्या घरांसाठी द्यायचं ठरवलं. त्या जमिनीतून पावसाचं पाणी खाडीकडे कसं जाणार, भरती कुठवर येणार, हे काठच्या कोळ्यांना विचारायला हवं.

चेन्नईच्या केंद्रीय निमखारे जलजीवपालन संस्थेने बंगालातल्या काकद्वीप केंद्रात या माशाची बीजनिर्मिती करून दाखवली आहे. संप्रेरकाचं इंजेक्शन देऊन अंडी मिळवतात. पिल्लं एकमेकांना खातात, म्हणून वेळेवर खाद्य द्यावं लागतं. आपल्याकडे जिताडा पाळायला लोक तयार झाले. खाजणात नापीक पडलेल्या खाचरांत चिवणी का नको? मत्स्य खात्याने रायगड-ठाण्यात एखादं प्रात्यक्षिक करावं. पाण्याची वर्दी मृग देतोच, तयारी वैशाखात सुरू करावी लागेल.